इथे शब्द देऊ नये

“आजोबा, तुम्ही सांगायचं नाही,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

मी ओठ मिटले. आवाज काढला नव्हता, नुसते ओठ हलवून ‘लिंबू’ म्हटलं होतं. पण त्यांच्या लक्षात आलं.

यमू माझ्या उजव्या हाताला बसली होती आणि माझ्या तोंडाकडे बघत होती. पाच मिनिटांपूर्वी डॉक्टरांनी तिला तीन शब्द सांगितले होते. लिंबू, चावी, होडी. ते तिने लगेच म्हणून दाखवले होते, तेही असे की लिंबू आंबट लागावं आणि होडी लांब जाताना दिसावी. डॉक्टर हसल्या होत्या. मग त्यांनी तिला कागदावर घड्याळ काढायला लावलं, शंभरातून सात वजा करत जायला सांगितलं, आणि आता ते तीन शब्द परत विचारले होते.

“यांनाच विचारा की,” यमू म्हणाली. “प्रॉम्प्टर शेजारी बसलेला असताना मी कशाला डोक्याला ताण देऊ?”

“म्हणजे?”

“माझे यजमान. जन्मभर विंगेत बसून शब्द दिलेत त्यांनी. ओठ बघा कसे शिवशिवतायत.”

डॉक्टर तरुण होत्या. देवस्थळी आडनाव. ठाण्यात नावाजलेल्या होत्या, दीड महिन्यानंतरची वेळ मिळाली होती. त्या म्हणाल्या, “खरं सांगू का, माझ्या आईला तुम्ही मुळीच आवडत नाही. त्या मालिकेत तुम्ही सुनेचं पत्र चुलीत घातलंत ना, आई आठवडाभर तुम्हाला शिव्या देत होती.”

यमू एवढी खूश झाली की खुर्चीत सरळ बसली. “आईंना सांगा, चूल खोटी होती. पत्र अजून मालाडच्या स्टुडिओत पडलं असेल.”

आम्ही तिघंही हसलो. मग डॉक्टरांनी घड्याळाचा कागद माझ्यापुढे सरकवला. गोल छान काढला होता. बाराच्या बारा आकडे उजव्या बाजूला एकावर एक दाटीने बसले होते. डावी बाजू कोरी होती.

डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं. मी ते वर्तमानपत्रात वाचलेलं होतं. हा बरा होत नाही, म्हणाल्या, पण गोळ्यांनी वेग थोडा कमी होतो. त्या हे सगळं यमूकडे बघून बोलत होत्या, माझ्याकडे बघून नाही. ते मला बरं वाटलं. यमू पदराचं टोक बोटाला गुंडाळत ऐकत होती.

“पहिल्यांदा कधी लक्षात आलं?” डॉक्टरांनी विचारलं.

“मागच्या दिवाळीत,” मी म्हणालो. “हिने चकलीच्या पिठात तीनदा मीठ घातलं.”

“नाही,” यमू म्हणाली. “इचलकरंजीला.”

मला हसू आलं. “अगं, इचलकरंजीला तीन वर्षं झाली. तो तर तुझा...” आणि डॉक्टरांकडे वळून मी म्हणालो, “थांबा, तुम्हाला इचलकरंजीची गोष्ट सांगतो. मग तुमच्या लक्षात येईल हिची आठवण काय चीज होती.”

ही गोष्ट मी तोवर किती जणांना सांगितली होती याला गणती नाही. डॉक्टरांचे बाहेर पेशंट खोळंबले होते, तरी मी त्यांना ती पहिल्यापासून सांगितली. इथेही तशीच सांगतो.

यमुना मूळची वेंगुर्ल्याची. वडील दशावतारात बायकांची सोंगं घेत. ‘बाई कशी चालते हे मी बापाकडून शिकले,’ असं ती म्हणायची. सतराव्या वर्षी मावशीकडे लालबागला आली आणि कामगारांच्या नाट्यस्पर्धेत उभी राहिली. तिथून एका निर्मात्याने तिला सिनेमात नेलं आणि तिचं नाव यामिनी ठेवलं. त्या एका सिनेमात ती नायिका होती. तो तीन आठवडे चालला. नंतरच्या तीसेक सिनेमांत ती नायकाची वहिनी होती. सिनेमाबद्दल तिची तक्रार एकच होती. ‘तिथे मी गप्प राहिले की कात्री लावतात,’ म्हणायची. त्यामुळे ती नाटकातच रमली. तिथे किती वेळ गप्प राहायचं हे तिचं तीच ठरवायची.

मी भालचंद्र नेरूरकर. मी प्रॉम्प्टर. हल्ली हे काम फारसं राहिलेलं नाही म्हणून सांगतो. डाव्या विंगेत पुस्तक घेऊन बसायचं आणि नट अडला की त्याला पुढच्या वाक्याचा पहिला शब्द द्यायचा. तो नटाला ऐकू गेला पाहिजे आणि पहिल्या रांगेला जाता कामा नये. आमच्यात त्याला शब्द देणं म्हणतात.

‘ओटीवरची खुर्ची’ या नाटकात आम्ही पहिल्यांदा एकत्र काम केलं. त्यात ती आक्का होती. आक्काचा मुलगा बापाशी भांडून घर सोडून जातो आणि अकरा वर्षांनी, बाप गेल्यावर, पिशवी घेऊन दारात उभा राहतो. आक्का तुळशीला पाणी घालायला निघालेली असते, हातात तांब्या असतो. ती त्याला बघते. काही बोलत नाही. सगळं थिएटर वाट बघतं, आता ही रडेल, नाहीतर त्याला हाकलून देईल. आणि ती म्हणते, “जेवून आलास, का पान वाढू?”

एवढंच वाक्य. पण त्याच्या आधी ती जी थांबायची, त्या थांबण्यासाठी लोक पुन्हा तिकिटं काढायचे.

चौथ्या प्रयोगाला ती नेहमीपेक्षा जास्त थांबली. मी तेव्हा सदतीस वर्षांचा होतो. घाबरलो आणि शब्द दिला. “जेवून.” तिसऱ्या रांगेतला कोणीतरी हसला.

मध्यंतरात ती माझ्यापुढे येऊन उभी राहिली. “तुम्हाला काय वाटलं, मी विसरले?”

“बाई, फार वेळ झाला म्हणून...”

“मी विसरत नाही.” तिने माझ्या हातातलं पुस्तक ओढून घेतलं, माझी तांबडी पेन्सिल घेतली आणि त्या वाक्यासमोरच्या कोऱ्या जागेत लिहिलं, ‘इथे शब्द देऊ नये. यमुना.’ खाली रेघ मारली, ती इतक्या जोरात की कागद फाटायचा राहिला.

मग आठ दिवस ती माझ्याशी बोलली नाही. काही सांगायचं असलं की तिसऱ्याला सांगायची, “त्या गृहस्थांना म्हणावं...” मी मात्र त्या जागी पुन्हा तोंड उघडलं नाही. मनात आकडे मोजत बसायचो. ती साधारण नऊ आकडे थांबायची. पन्नासाव्या प्रयोगानंतर तीच म्हणाली, “नेरूरकर, तुम्ही गप्प फार छान बसता.” वर्षभराने आमचं लग्न झालं. घरीदारी ती मला नेरूरकरच म्हणायची. आम्हाला मूल झालं नाही. आमचं वय दौऱ्यांतच गेलं.

पंचवीस वर्षांनी तेच नाटक पुन्हा उभं राहिलं. तेव्हा ती एकसष्ट वर्षांची होती, म्हणजे आता खरी आक्का शोभत होती. मुलाच्या कामाला सतीश बोरवणकर हा नवीन मुलगा घेतला. त्या दौऱ्यात इचलकरंजीला रविवारी दुपारी चारचा प्रयोग होता. थिएटरमागच्या गल्लीत यंत्रमाग होते. प्रयोगाआधी सतीश म्हणाला, “काका, हे माग बंद होत नाहीत का?”

“ते बंद झाले तर तुझं नाटक बघायला येणार कोण?” यमू म्हणाली. “सगळे मागवालेच आहेत बाहेर रांगेत.”

पहिला अंक नेहमीसारखा झाला. दुसऱ्या अंकात सतीश पिशवी घेऊन दारात आला. यमू तांब्या घेऊन निघाली. तिने त्याला पाहिलं आणि थांबली.

मी मोजायला लागलो. नऊ झाले. दहा, अकरा. थिएटर गप्प होतं. बाराला ती हलली. तिने तांब्या हळूच खाली ठेवला. पंचवीस वर्षांत तिने तो कधी ठेवला नव्हता. मी म्हटलं, वा! अकरा वर्षं जे काही हातात धरून होती ते तिने खाली ठेवलं. मागांची खडखड आता स्पष्ट ऐकू येत होती. सोळा, सतरा. मग तिने मान वळवली आणि डाव्या विंगेकडे पाहिलं. माझ्याकडे.

तिने असं कधीच पाहिलं नव्हतं. तिचे डोळे भरलेले होते. मला वाटलं, एवढ्या वर्षांनी तिला जे सापडलंय ते ती मला दाखवतेय. मला वाटलं, ती म्हणतेय, बघा नेरूरकर, गप्प बसा. आणि तिला भरवसा द्यावा म्हणून मी मांडीवरचं पुस्तक मिटलं. तिला दिसेल असं मिटलं. वर हात ठेवला आणि मान हलवली.

ती बघत राहिली. सत्तावीस, अठ्ठावीस. पहिल्या रांगेतल्या एका बाईने पदर तोंडाला लावला. एकतीस झाले आणि सतीश बोलला. त्याचं वाक्य नव्हतं तिथे. तो म्हणाला, “आक्का, भूक लागलीय गं.”

यमूने त्याच्याकडे पाहिलं. “बस,” ती म्हणाली. “पान वाढते.”

टाळ्या लगेच आल्या नाहीत. आल्या तेव्हा थांबेनात.

प्रयोग संपल्यावर मी मेकअपच्या खोलीत गेलो आणि सतीशवर ओरडलो. तो तोंडाला खोबरेल लावून रंग पुसत होता. “तुला कोणी सांगितलं होतं मध्ये तोंड घालायला? असा पॉज उभ्या जन्मात होत नाही! आणखी दहा आकडे ती थांबली असती!”

“चुकलो, काका,” तो म्हणाला. त्याने आरशातून यमूकडे पाहिलं.

“जाऊ द्या हो, नेरूरकर,” ती म्हणाली. “पोराला खरंच भूक लागली असेल. सकाळपासून दोन केळ्यांवर आहे.”

सगळे हसले. मग तिने मला विचारलं, “तुम्ही पुस्तक मिटलंत?”

“मिटलं.”

“का?”

“का म्हणजे? तू विसरत नाहीस.”

ती ‘हं’ म्हणाली आणि कपाळावरची टिकली काढायला लागली. ती आधीच काढलेली होती.

पाच महिन्यांनी तिने नाटक सोडलं. विंगेच्या पायऱ्या चढवत नाहीत, असं कारण दिलं. मी सगळ्यांना म्हणायचो, बघा, शिखरावर असताना उतरली. वेंगुर्ल्याला तिचा सत्कार झाला तेव्हा मी व्यासपीठावरून इचलकरंजी सांगितली. आकडे मोजून दाखवले, एक ते एकतीस. ती शेजारच्या खुर्चीत मांडीवर शाल आणि नारळ घेऊन बसली होती. लोकांनी टाळ्या वाजवल्या तेव्हा तिनेही वाजवल्या. नंतर ती एका टीव्ही मालिकेत सासू झाली, तेव्हा तिथल्या लोकांनी तिची वाक्यं मोठ्या पुठ्ठ्यावर लिहून कॅमेऱ्याखाली धरायला सुरुवात केली. मला वाटलं, टीव्हीवाले आळशी.

डॉक्टरांच्या खोलीतही मी एकतीसपर्यंत मोजलं. “एकतीस, डॉक्टर! आणि ही म्हणते तेव्हापासून हिला विसरायला होतंय?”

डॉक्टर यमूकडे बघत होत्या.

“झालं सांगून?” यमूने विचारलं.

“झालं.”

“मग आता मी सांगते.” तिने पदराचं टोक सोडलं. “मला वाक्य आठवत नव्हतं.”

खोलीत पंखा चालू होता. मी म्हणालो, “कुठलं वाक्य?”

“तेच. सतीश दारात दिसला आणि पुढचं सगळं पुसलं गेलं. तो कोण, मी कोण, हे कळत होतं. काय म्हणायचं ते नव्हतं.”

“पण तू तांब्या ठेवलास...”

“हात थरथरत होता. पाणी सांडलं असतं.”

“आणि माझ्याकडे पाहिलंस...”

“तुमच्याकडे नाही तर कोणाकडे बघू, नेरूरकर? शब्द हवा होता. एक शब्द.” ती हे रागाने म्हणाली नाही. बाजारात काय राहिलं ते सांगावं तसं म्हणाली. “तुम्ही पुस्तक मिटलंत.”

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. थोड्या वेळाने त्यांनी गोळ्यांची चिठ्ठी लिहिली आणि कुठली कधी घ्यायची ते मला दोनदा समजावलं. पहिल्या वेळी मला काही ऐकू आलं नव्हतं.

रिक्षात बसल्यावर रिक्षावाल्याने आरशात पाहिलं आणि ओळखलं. “काय सासूबाई, सूनबाई कशा आहेत?”

“माहेरी हाकललीय,” यमू म्हणाली. “तुम्ही समोर बघून चालवा.”

तो हसत राहिला. मी हसलो नाही. नौपाड्यात सिग्नल लागला तेव्हा मी विचारलं, “त्याच दिवशी का नाही सांगितलंस?”

“सांगणार होते. तुम्ही सतीशवर ओरडत खोलीत आलात. इतके खूश होतात की तुम्हाला रागही धड येत नव्हता.”

“म्हणून तीन वर्षं?”

“मला आधी वाटलं, तुम्हाला कळलंय. कळूनही मिटलंत, मला धीर यावा म्हणून. मग गाडीत तुम्ही सगळ्यांना आकडे सांगायला लागलात तेव्हा समजलं.” तिने पिशवी मांडीवर घट्ट धरली. “आणि सांगितलं असतं तर दुसऱ्या दिवसापासून तुम्ही माझ्या प्रत्येक पॉजला शब्द दिला असता. घाबरट आहात तुम्ही. मग माझ्याकडे काय राहिलं असतं?”

वेंगुर्ल्याच्या व्यासपीठावर ती टाळ्या वाजवत होती तेच डोळ्यांपुढे येत होतं.

“आता मात्र द्या,” ती म्हणाली. “आता पुस्तक मिटू नका.”

त्यानंतर पाच वर्षं मी तिला शब्द दिले. सुरुवातीला पहिलं अक्षर पुरायचं. ‘च’ म्हटलं की ती ‘चमचा’ म्हणायची. मी सगळा शब्द सांगितला तर चिडायची. “पूर्ण नको. मी काय नवशिकी आहे?” पुढे पूर्ण सांगावे लागायला लागले. कंगवा. गुरुवार. तिच्या वडिलांचं नाव. मग यमुना. मी कोण ते तिला सांगता येईनासं झालं, पण मी कुठे असतो ते तिला माहीत होतं. काही अडलं की ती डावीकडे बघायची. म्हणून मी घरात नेहमी तिच्या डाव्या हाताला बसायचो. जेवताना, टीव्हीसमोर, दवाखान्यातही. पलंगही मी डावी बाजू मोकळी राहील असा फिरवून घेतला. शेवंताबाई तिला सांभाळायला यायच्या, त्यांना वाटायचं मी वास्तुशास्त्र पाळतो.

शेवटच्या वर्षी ती बोलायची जवळजवळ थांबली. उभी राहायचीही थांबली. पकडून उठवावं लागे.

चैत्रातली दुपार होती. मी औषधं आणायला खाली गेलो होतो. दीड वाजला असेल. शेवंताबाई कपडे वाळत घालायला गॅलरीत होत्या. मी लॅच उघडून आत आलो, हातात पिशवी होती, आणि स्वयंपाकघराच्या दारात यमू उभी होती. एकटी, कशालाही न धरता. हातात तांब्या होता. मी चप्पल काढायचीही विसरलो.

तिने मला पाहिलं. पाठ ताठ झाली, हनुवटी जराशी वर गेली. हे मी सहाशेहून अधिक वेळा पाहिलेलं होतं. नेहमी बाजूने पाहिलं होतं, समोरून कधी नाही. तिने तोंड उघडलं आणि ती थांबली.

मला शब्द माहीत होता. जगात तो माझ्याइतका कोणाला पाठ असेल? पण मी काय केलं, तर मी मोजायला लागलो. एक, दोन, तीन. मला वाटलं, ही म्हणेल. ही आपली आपण म्हणेल, आणि हिने आपली आपण म्हटलेलं मला एकदा ऐकायचं होतं. नऊ झाले. दहा झाले. मग तिने मान वळवली आणि डावीकडे पाहिलं.

डावीकडे कोणी नव्हतं. तिथे फ्रिज होता. मी दारात होतो, सतीशच्या जागेवर.

ती तिकडे बघत राहिली. तिच्या डोळ्यांत तेच होतं जे मी इचलकरंजीला पाहिलं होतं, आणि या वेळी ते काय आहे हे मला माहीत होतं. मी तोंड उघडलं. घशातून काही बाहेर येईना. आयुष्यभर मी हलक्या आवाजात बोलायचं काम केलं होतं, आणि त्या दिवशी तेवढाही आवाज निघाला नाही.

“अगो बाई, आजी!” शेवंताबाई गॅलरीतून धावत आल्या. “उठल्या कशा तुम्ही? सगळं पाणी सांडलं की लुगड्यावर!”

तांब्या खाली पडून गडगडत गेला. शेवंताबाईंनी तिला धरून आत नेलं. तिचे कपडे बदलून होईपर्यंत मी बाहेर थांबलो, मग आत जाऊन तिच्या डाव्या बाजूला बसलो आणि म्हणालो, “जेवून.” ती आढ्याकडे बघत होती. मी आणखी दोनदा म्हणालो. तिला ते कशाबद्दल आहे हे कळलं नाही. शेवंताबाईंना वाटलं मी माझ्या जेवणाचं विचारतोय. त्यांनी माझं ताट वाढून आणलं.

यमू श्रावणात गेली. सकाळी, झोपेत.

मी सतीशची माफी मागितली. ती गेल्यावर तो भेटायला आला तेव्हा तिच्या खोलीतच मागितली. तो म्हणाला, “काका, मलाही तेव्हा नक्की कळलं नव्हतं. फक्त वाटलं की त्या घाबरल्यात. माझी आई घाबरली की अशीच बघायची.” मी तिच्याबरोबर पंचवीस वर्षं राहत होतो. तो चार महिने काम करत होता.

आता या सगळ्याला सात वर्षं झाली. सतीश स्वतः निर्माता झाला आहे आणि त्याला ‘ओटीवरची खुर्ची’ पुन्हा करायचं आहे. आक्काचं काम करायला एक बाई मिळाल्या आहेत, चांगल्या आहेत म्हणे. त्याला माझं पुस्तक हवं आहे, कारण सगळ्या हालचाली आणि खुणा त्यातच आहेत. त्याने तीनदा फोन केला.

“काका, आठ तारखेपासून तालमी आहेत.”

“प्रॉम्प्टर ठेवणार आहेस?”

“ठेवणार. तुमच्यामुळे ठेवणार.”

“मग देतो.”

पुस्तक टेबलावर आहे. पान त्र्याहत्तर. त्या वाक्यापुढे तिचं तांबड्या पेन्सिलीतलं अक्षर आहे, खाली रेघ आहे. पुस्तक तसंच दिलं तर नवा प्रॉम्प्टर ते वाचेल आणि पाळेल. म्हणून देण्याआधी ते खोडायला हवं. मी खालच्या दुकानातून खोडरबर आणला, त्याला पंधरा दिवस झाले. आज सात तारीख आहे. अजून खोडलेलं नाही.